आक्काचा आरसा

अनुस्वार हलला, तेव्हा रात्रीचे साडेदहा वाजून गेले होते आणि मी प्रुफांवर वाकले होते. ‘संबंध’ या शब्दावरचा ठिपका जागचा उठला, चालत समासात आला, थांबला आणि वळून माझ्याकडे बघू लागला. बघू लागला हे मी अलंकार म्हणून लिहीत नाही. तिळाएवढा तो जीव अख्ख्या अंगानिशी वळला, तोंड माझ्या तोंडासमोर आणलं आणि तसाच राहिला. मी कोपऱ्यातली चप्पल उचलली.

“मारू नगं पोरी,” दारातून आवाज आला. “त्यो माशा खातू, मानसं न्हाई.”

आक्का चहाचा कप घेऊन उभी होती. रात्री साडेदहाला चहा मागितला कुणीच नव्हता. माझ्या खोलीतला दिवा अजून जळतोय म्हणजे पोरगी जागी आहे, आणि जागी आहे म्हणजे घोटभर चहा लागेल, एवढा साधा तिचा हिशेब.

हे १९९७ सालच्या जूनमधलं. मी सूसला राहायला येऊन नऊ दिवस झाले होते. तेव्हाचं सूस म्हणजे मुळशी तालुक्यातलं एक लहान गाव. पाषाण मागे टाकून खिंड चढली की शहर संपायचं. पलीकडे टेकड्या, त्यांच्यावर घाणेरीची झुडपं आणि वनखात्यानं लावलेला गिरिपुष्प, आणि पुढे नांदे-चांदे, लवळ्याकडे जाणारी वाट. टेकडीवर चढलं तर १९९४च्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धांसाठी बांधलेल्या बालेवाडीच्या संकुलाचे दिवे दिसायचे. आमच्या घरात मात्र साठचा एक पिवळा बल्ब. गावठाणातल्या कौलारू घराची पुढची खोली मला अडीचशे रुपये भाड्यानं मिळाली होती. सदाशिव पेठेतल्या छापखान्यांमधून प्रुफं आणायची, रात्री वाचायची, सकाळच्या पीएमटीनं नेऊन द्यायची, हा माझा उद्योग.

मी लग्नाचं घर सोडून आले होते. त्या घराबद्दल इथे फार लिहिणार नाही. मारहाण नव्हती, उपासमार नव्हती. साडेतीन वर्षांत मला कुणी काही विचारलं नव्हतं, इतकंच. आज भाजी कुठली करायची इथपासून ते रात्री जवळ येऊ का इथपर्यंत, काहीही. माहेरी धाकटीचं लग्न ठरत होतं, तिथे माझं असणं अडचणीचं होतं. एका छापखान्याच्या मालकांनी सूसच्या या खोलीचा पत्ता दिला. आक्कानं मला दोनच प्रश्न केले. “मांसमच्छी खातीस का?” आणि “रातच्याला दिवा किती येळ जाळशील?” नवरा कुठे आहे, हे तिनं त्या दिवशी विचारलं नाही आणि पुढेही कधी नाही. पहिले काही दिवस मी तिला अहो-जाहो करत होते, “मी काय मामलेदारीन हाय व्हय?” म्हणून तिनंच ते मोडून काढलं.

कोळ्याची मला लहानपणापासून भीती. अंगावर फोड उठले की आमच्या घरी ‘कोळी फिरला’ म्हणायचे आणि गेरू उगाळून लावायचे. जाळं, जळमट, कोळिष्टक हे सगळे शब्द आमच्याकडे अस्वच्छतेचे. पण आक्काच्या घरातल्या या कोळ्यांना जाळंच नव्हतं. ते भिंतीवर दिवसाउजेडी फिरत, मांजरासारखे दबत-दबत माशीच्या मागे जात आणि एकदम झेप घेत. झेप घेण्याआधी पायाखाली रेशमाचा एक टाका घालत. चुकलेच तर त्या धाग्यावर लटकत, तोच धरून वर येत. प्रुफं वाचून डोळे शिणले की मी भिंतीकडे बघायची, आणि आठवड्याभरात लक्षात आलं की मी भिंतीकडे बघण्यासाठी प्रुफं बाजूला ठेवते आहे.

त्यांतला एक मोठा होता, नखाएवढा. काळाभोर, आणि डोक्यापासून पाठीवरून खाली गेलेला पांढरा पट्टा, कुणी चुन्याचं बोट ओढावं तसा. दोन मोठे डोळे समोर, मोटारीच्या दिव्यांसारखे. त्यांच्या दोहों बाजूंना दोन लहान आणि डोक्यावर मागे आणखी चार. मागचे डोळे फक्त हालचाल टिपतात. काही हललं की सगळं अंग तिकडे वळतं आणि मग समोरचे दोन डोळे कामाला लागतात. हे डोळे म्हणजे डोक्यात आत गेलेल्या दोन लांबट नळ्या, दुर्बिणीसारख्या. भिंग जागचं हलत नाही. आतला पडदा, ज्यावर चित्र उमटतं, तो स्नायूंनी इकडून तिकडे हलतो. एका वेळी दिसतो तो समोरच्या वस्तूचा अगदी चिंचोळा तुकडा. तुकड्यामागून तुकडा असा तो समोरचा जीव वाचत जातो आणि हे खाणं आहे, शत्रू आहे की आपल्या जातीचं कुणी, हे ठरवतो. मी हे पुढे खूप वर्षांनी वाचलं आणि हरखून गेले. प्रुफं वाचणारा शब्द वाचत नाही, अक्षर अक्षर वाचतो. ओळीखाली पट्टी धरतो आणि तेवढंच बघतो. आम्ही दोघं एकाच खोलीत एकाच रीतीनं वाचत बसलो होतो.

श्रावणातली एक दुपार. पाऊस नुकता थांबला होता, खिडकीच्या कट्ट्यावर ऊन आलं होतं आणि काळा पट्टेवाला तिथे बसला होता. आक्का उंबऱ्यापाशी तांदूळ निवडत होती. एकदम म्हणाली, “थांब, तुला गंमत दावते.” आत गेली आणि फणेरपेटी घेऊन आली.

तिचे मालक १९८९ साली गेले. त्यानंतर ती पेटी उघडली गेली नव्हती. निदान माझ्यासमोर तरी नाही. सागाची, पितळी कडीची, झाकणाच्या आत आरसा बसवलेली. आत करंडा तसाच, मेणाची डबी तशीच. आरशाची बिजागरी निखळली होती. तिनं आरसा अलगद सुटा केला, पदरानं पुसला आणि कट्ट्यावर भिंतीला टेकवून ठेवला.

कोळी वळला. क्षणभर काहीच नाही. मग त्यानं अंग उंचावलं, पुढचे दोन पाय वर नेऊन बाजूला फाकवले आणि तिरपा तिरपा दोन पावलं डावीकडे गेला. थांबला. पुन्हा दोन पावलं उजवीकडे. तोंडापाशी मिशांसारखे दोन आखूड अवयव असतात, ते वरखाली थरथरत होते. आरशातलाही तेच करत होता. आक्कानं पदर तोंडाला लावला, हसू येत होतं तिला.

“आत नवरी दिसली जनू त्येला. बघ, बघ कसा नटतूय.”

मग रोज दुपारी आरसा निघू लागला. ऊन असलं की आक्का पेटी आणायची. आठ वर्षं मिटून ठेवलेली पेटी एका कोळ्यासाठी उघडते आहे याचं तिला काही वाटत नव्हतं. मला मात्र ते बघताना घशाशी येई.

खरी नवरी आली ती पोळ्याच्या आसपास. तीही त्याच भिंतीवर. अंगानं जरा मोठी, रंगानं तपकिरी, पाठीवर फिकट पट्टा. नर दाराच्या चौकटीवर, ती कट्ट्यावर. दोघांत वीतभर अंतर. तो तिथेच थांबला. त्यानं पाय उचलले, ती वळली. तो नागमोडी चालीनं बोटभर पुढे आला आणि पुन्हा थांबला. तिनं एकदम त्याच्यावर झडप घातली, हा मागे उडाला, धाग्याला लटकला, वर चढला आणि जिथून सुरुवात केली होती तिथे जाऊन पहिल्यापासून सगळं सुरू केलं. पाय वर, दोन पावलं डावीकडे, दोन उजवीकडे, थांबणं. त्या थांबण्यात मला सगळ्यांत जास्त काहीतरी दिसत होतं. मादी मोठी असते, ताकदवान असते, नको असेल तर ती त्याला खाऊही शकते हे मला तेव्हा ठाऊक नव्हतं. मला एवढंच दिसत होतं की हा पुढे जाऊ शकत असूनही जात नाही.

आक्का तांदळाचं सूप मांडीवर घेऊन तशीच बसली होती. म्हणाली, “इचारतूय तिला. ती व्हय म्हनल्याबिगर फुडं यायचा न्हाई.”

त्या दिवशी ती हो म्हणाली नाही. पाठ फिरवून कट्ट्याखाली निघून गेली. नरानं वर धरलेले पाय खाली घेतले, तोंडाजवळच्या मिशा साफ करत थोडा वेळ बसला आणि दुसऱ्या बाजूनं चालता झाला. मी खोलीत गेले. त्या दुपारी माझ्याकडून एकही पान वाचून झालं नाही.

पुढे कधीतरी त्यांचं जमलं असावं. कारण पितृपक्षाच्या आधी मालकांच्या तसबिरीमागे पांढऱ्या रेशमाचा एक पुंजका दिसू लागला, आणि त्यात ती. हे कोळी शिकारीसाठी जाळं विणत नाहीत, पण झोपायला आणि अंडी घालायला रेशमाची खोली बांधतात. अंडी घातलेली मादी त्या खोलीत राखण करत बसते. दर वर्षी पितृपक्षात आक्का तसबीर उतरवून पुसायची. त्या वर्षी तिनं तसबीर उतरवली नाही, तशीच हार घातला. मग घट बसायच्या आधी अख्खं घर निघालं. भांडी, अंथरुणं, कणग्या, सगळं अंगणात. मी केरसुणी घेऊन त्या भिंतीपाशी गेले तर तिनं हात धरला.

“आत बाळंतीन हाय. तिला उठवू नगं.”

दिवाळीच्या चार दिवस आधी ते आले. तो आणि त्याच्या घरातलं एक वडीलधारं माणूस. जीप पारापाशी उभी करून चालत आले. आक्कानं त्यांना ओट्यावर घोंगडी टाकून दिली, तांब्याभर पाणी दिलं. मी दारात उभी होते.

“हिला न्यायला आलोय,” तो म्हणाला. मला नाही, आक्काला.

“तिला इचारलं का?”

उत्तर वडीलधाऱ्यानं दिलं. “तिला काय विचारायचं? नवरा आहे तो तिचा.”

“म्हनूनच त्येनं इचारायचं,” आक्का म्हणाली. आवाज जराही चढवला नाही तिनं. “मी कोन? मी घरमालकीन. माझ्याकडं भाडं मागा, माझ्याकडं मानूस मागू नका. तिथं उभी हाय ती. इचारा.”

त्यानं माझ्याकडे पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मला आजही वाटतं, त्या वेळी त्यानं विचारलं असतं, ‘येतेस का?’ एवढे दोन शब्द, तर मी काय म्हणाले असते ते मला सांगता येत नाही. पण ते शब्द आले नाहीत. अर्धा तांब्या तसाच ठेवून दोघं उठले. जीप खिंडीकडे गेल्याचा आवाज ऐकू आला. आक्कानं तांब्या उचलला, विसळला आणि फळीवर पालथा घातला. मग म्हणाली, “शेव पाडायची हाय. सोऱ्या काढ.”

त्या घरात मी सहा वर्षं राहिले. पावसाळ्यात छापखान्यांचं काम आटायचं, भाडं थकायचं. आक्का खोलीतल्या भिंतीवर कोळशानं रेघा मारून ठेवायची, महिन्याला एक. एकदा त्या सात झाल्या. मी शरमेनं त्या भिंतीकडे पाठ करून बसायची. दसऱ्याआधी तिनं सबंध खोलीला चुना काढला. रेघा गेल्या.

“हिशेब कुठं गेला गं आक्का?”

“चुन्याखाली हाय की.”

पुढे पैसे आले तेव्हा मी सात महिन्यांचं भाडं मोजून तिच्यासमोर ठेवलं. तिनं त्यातल्या दोन नोटा घेतल्या, बाकीचे परत सारले आणि बजावलं की चष्मा कर, डोळ्यांनीच पोट भरतीस.

त्या नव्या चष्म्यानं मी कोळ्यांबद्दल वाचायला लागले. हाती आलेलं पहिलं मोठं पुस्तक बी. के. टिकादर यांचं होतं, १९८७ साली आलेलं भारतीय कोळ्यांवरचं संदर्भपुस्तक. टिकादर हे भारतीय प्राणी सर्वेक्षण विभागाचे. पुण्यातल्या त्यांच्या पश्चिम विभागीय केंद्रात त्यांनी काम केलं, आणि देशातल्या कितीतरी कोळ्यांना पहिल्यांदा नाव आणि वर्णन दिलं. आपण जिथे राहतो त्याच गावच्या परिसरात कुणीतरी वर्षानुवर्षं या जिवांचे पाय मोजत, डोळ्यांच्या रांगा काढत बसलं होतं, याचा मला फार आधार वाटला. भिंतीवरच्या काळ्या पट्टेवाल्याचं नाव कळलं: प्लेक्सिपस पेकुली. उड्या मारणाऱ्या कोळ्यांचं हे कुळ कोळ्यांमधलं सर्वांत मोठं, सहा हजारांहून जास्त जातींचं. आणि पेकुली हा त्यातला अगदी घरगुती, उष्ण देशांत माणसाच्या मागोमाग जगभर गेलेला. गरिबाच्या भिंतीवरचा.

आणि मग पेकहॅम नवरा-बायको सापडली. जॉर्ज आणि एलिझाबेथ. अमेरिकेत मिलवॉकी गावची. जॉर्ज शाळेत जीवशास्त्र शिकवायचे. १८८९ साली दोघांनी मिळून या कोळ्यांच्या प्रणयावर एक मोठा निबंध छापला. वाद डार्विन आणि वॉलेस यांचा होता. डार्विनचं म्हणणं, नराचे रंग आणि नखरे मादीच्या निवडीतून घडत आले. वॉलेस यांना मादीची ही निवड पटत नव्हती. नर जास्त जोमदार, म्हणून जास्त रंगीत, असं ते म्हणत. पेकहॅम दांपत्यानं कोळी पेटीत ठेवले आणि तासन्‌तास बघत बसले. त्यांना दिसलं की नराच्या अंगावर जे देखणं असेल, कुणाच्या पायांवरची झालर, कुणाच्या तोंडावरचा रंग, नेमकं तेच मादीच्या डोळ्यांसमोर येईल अशी त्याची ढब असते. आणि मादी बघते. लक्ष देऊन बघते, मग ठरवते. मादी ठरवते, हे एकोणिसाव्या शतकातल्या पुष्कळ विद्वानांच्या गळी उतरत नव्हतं, आणि ते सिद्ध करायला एक नवरा आणि एक बायको शेजारी शेजारी बसून पेटीत डोकावत होती. एलिझाबेथबाई बायकांच्या मताधिकाराच्या चळवळीतही होत्या. मला त्या दोघांचं घर बघावंसं वाटतं.

याच वाचनात एक गोष्ट कळली आणि मी अस्वस्थ झाले. आरशातल्या आपल्याच रूपाला नर मादी समजत नाही. समोरून पाय पसरून येतो आहे तो दुसरा नर, असंच त्याला दिसतं, आणि तो दरडावत असतो. पाय फाकवणं, तिरपं चालणं वरवर पाहता सारखंच, म्हणून आम्ही फसलो. आम्ही नटणं समजत होतो ते भांडण होतं.

२००३ सालची गोष्ट. मी तोवर पाषाणला खोली घेतली होती, पण रविवारी सूसला जायची. आक्काला सांगितलं. ती गप्प झाली. मग फणेरपेटी आणून आरसा काढला, जुन्या लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळला आणि पालथा करून पेटीत ठेवला.

“रोज भांडाय लावलं म्या त्येला,” म्हणाली. “न दिसनाऱ्या वैऱ्यासंगं. कसा दमला आसंल जीव.”

सहा वर्षांपूर्वीच्या एका कोळ्यासाठी तिला वाईट वाटत होतं. मी अशी माणसं फार पाहिलेली नाहीत.

भिंतीवरून नजर अंगणात गेली तेव्हा रंग दिसू लागले. आक्काच्या अंगणात जास्वंद होती, अडुळसा होता, हौदापाशी कर्दळ. पावसाळा संपता संपता ऊन पडलं की जास्वंदीच्या पानावर फिंटेला विटाटा यायचा. चार-पाच मिलिमीटरचा, काळसर अंगावर आडवे पट्टे, आणि ते पट्टे म्हणजे मोरपंखातलं निळं आणि चांदी यांच्या मधलं काहीतरी, जरा वळला की हिरवट होणारं. कर्दळीवर टेलामोनिया. मादी फिकट पिवळी, पाठीवर दोन तांबड्या उभ्या रेघा. नर गडद आणि त्याच्या डोळ्यांभोवती लाल केसांची किनार, काजळाऐवजी कुंकू घातल्यासारखी. आणि अडुळशाखाली मुंग्यांच्या वाटेवर सिलर, लाल आणि हिरव्या-निळ्या झळाळीचा, नराच्या पुढच्या पायांना काळ्या केसांचे दाट झुपके. तो मुंग्यांमध्ये पाय उडवत फिरायचा आणि मुंगीच पकडायचा. दहा फुटांच्या अंगणात हे सगळं होतं. मी तिथे सहा वर्षं कपडे वाळत घातले होते.

ऑस्ट्रेलियातल्या मोर-कोळ्यांचे नाच आता सगळ्या जगानं पाहिले आहेत. नराच्या पोटावर रंगीत पंखा असतो, नर तो मोरासारखा उभारतो आणि तिसरी पायांची जोडी वर करून हलवतो. यांतल्या एका जातीला १८७४ साली नाव दिलं गेलं ते ‘व्होलान्स’, म्हणजे उडणारा. त्या पोटावरच्या घड्या पसरून तो हवेत तरंगत असणार, अशी समजूत झाली. तो पंखा तिच्यासाठी उघडतो, हवेसाठी नाही. मोठमोठ्यांचीही आरशासारखी फसगत झाली आहे, हे वाचून मला आमच्या चुकीचं ओझं जरा हलकं वाटलं. सिडनीच्या युर्गेन ओटो यांनी हे कोळी जवळून टिपले, सहकाऱ्यांबरोबर कितीतरी नव्या जातींची वर्णनं केली, तेव्हा त्यांचं खरं नाचणं लोकांसमोर आलं. ते चित्रण मी मोबाइलवर पाहिलं तेव्हा आक्का नव्हती. ती २०१० साली गेली.

फिंटेलाच्या रंगाबद्दलही मला उशिरानंच कळलं. डाइचिन ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००८ मध्ये दाखवून दिलं की या नराच्या अंगावरून परावर्तित होणारे अतिनील-ब किरण मादीला दिसतात, आणि ते अडवले तर तिचा कल त्या नराकडून हटतो. म्हणजे जास्वंदीवरची ती निळी-चांदेरी झळाळी, जिच्यासाठी मी चहा गार करून बसायची, त्याहून वेगळाच रंग ती बघत होती. आमच्या डोळ्यांना तो रंगच नाही. आणि जपानमध्ये २०१२ साली आपल्या घरांतही दिसणाऱ्या हॅसेरियस अॅडान्सोनी या कोळ्यावर झालेला प्रयोग तर मला पाठ आहे. त्याच्या मोठ्या डोळ्यात एकामागे एक चार पडदे असतात. हिरव्या उजेडातली वस्तू एका पडद्यावर रेखीव उमटते आणि दुसऱ्यावर पुसट. त्या पुसटपणावरून तो अंतर ठरवतो. हिरवा भाग नसलेल्या लाल उजेडात त्याची उडी आखूड पडली. पुसट दिसण्याचा असा उपयोग असतो, हे चाळिशीचा चष्मा लागलेल्या बाईला वाचताना काय वाटलं असेल, ते सांगत नाही.

नाव देण्याच्या एका गोष्टीनं मात्र मी हलले. २०२१ मध्ये ठाणे-कल्याण परिसरात सापडलेल्या अशाच एका उड्या मारणाऱ्या कोळ्याचं नाव संशोधकांनी ठेवलं आयसियस तुकारामी. तुकाराम ओंबळे, २६ नोव्हेंबर २००८च्या रात्री कसाबच्या बंदुकीची नळी दोन्ही हातांनी धरून ठेवणारे सहायक पोलीस उपनिरीक्षक, साताऱ्याकडच्या केडंबे गावचे. अंगात गोळ्या शिरत होत्या आणि त्यांनी पकड सोडली नाही. ज्यांना त्यांचं देणं फेडण्याचा दुसरा मार्ग नव्हता त्यांनी आपल्या हातात होतं ते केलं, एका जिवाला कायमचं त्यांचं नाव लावलं. माझ्या हातात तेही नाही. मी कोळ्यांना नावं देणारी नाही, प्रुफं वाचणारी आहे. म्हणून हे लिहिते आहे, आणि आक्काचं पाळण्यातलं नाव तिनं मला कधी लिहू दिलं नसतं हे माहीत असल्यामुळे आक्का एवढंच लिहिते.

२०२१ मध्येच सूस पुणे महापालिकेत गेलं. टेकडीच्या पोटाशी आता बारा-बारा, वीस-वीस मजले आहेत. आक्काचं घर तिच्या मुलानं पाडून बांधलं. पाडण्याआधी त्यानं मला बोलावलं आणि लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळलेला आरसा हातात दिला. “आईनं तुमच्यासाठी सांगून ठेवलावता.” मी अंगणातल्या जास्वंदीची एक काठी मागून घेतली. त्यानं कोयत्यानं तीन तोडून दिल्या. एक जगली.

गेल्या चार वर्षांपासून मी पुन्हा सूसला राहते, सातव्या मजल्यावर. आरसा कपाटात आहे, पालथाच. जास्वंद बाल्कनीत, मोठ्या कुंडीत. बाल्कनीला सरकत्या काचा आहेत आणि धुळीमुळे त्या बहुतेक बंद असतात. एवढ्या उंचावर कोळी कसे येतात असं लोक विचारतात. पिल्लं धाग्यावर तरंगत वाऱ्यानं येतात, कुंडीच्या मातीतून येतात, भाजीच्या जुडीतून येतात. माझ्याकडे फिंटेला आले.

या आश्विनात, सकाळी दहाच्या सुमारास, मी प्रुफं घेऊन बाल्कनीत बसले होते. वरच्या पानावर मादी, तिच्यापासून दोन पानं खाली नर. पट्टे चमकत होते. त्यानं पुढचे पाय उचलले, बाजूला सरकला, थांबला. तिनं वळून पाहिलं आणि तोंड फिरवलं. तो पुन्हा थोडा वर आला, पुन्हा पाय, पुन्हा थांबणं. ती पानाच्या कडेकडे निघाली. ऊन भरपूर होतं, कुंडीवर लख्ख पडलं होतं, पण ते काचेतून येत होतं, आणि साधी काच अतिनील-ब किरण आत येऊ देत नाही. तो विचारत होता आणि ज्या रंगात विचारायचं तो रंगच त्याच्या अंगावर उमटत नव्हता.

मी प्रुफं खाली ठेवली. हळूच उठले, सावली कुंडीवर पडणार नाही अशी बेतानं बाजूनं गेले आणि काच सरकवली. वारा आला, धूळ आली, खालच्या रस्त्यावरचा आवाज आला. ऊन थेट पानावर पडलं.

नर थोडा वेळ पानाला चिकटून राहिला. मग त्यानं पाय उचलले. पानाच्या टोकाशी गेलेली ती थांबली आणि वळली.